तीनशे बारावी लेव्हल

आमच्या घरात गेम टाकायचं खातं पहिल्यापासून माझ्याकडे. खेळायचं नव्हे, टाकायचं. मुलगी शाळेत होती तेव्हा घरात पहिला कॉम्प्युटर आला, आणि तिने मैत्रिणीकडून आणलेल्या सीडीतून गाड्यांच्या शर्यतीचा गेम त्यात घालायला मला एक अख्खा रविवार लागला. सीडी निम्म्यात अडकायची. अडकली नाही तर जागा नाही म्हणायची. जागा करून दिली की आणखी कुठलीतरी फाइल मागायची. मुलगी पाठीशी उभी राहून दर पाच मिनिटांनी "बाबा, झालं?" विचारत होती, मी तिच्यावर खेकसत होतो, पण खुर्चीवरून उठलो नाही. संध्याकाळी गाडी पडद्यावर धावली तेव्हा मी आंघोळीला गेलो. त्या गाडीत मला काडीचा रस नव्हता. ती चालू झाली, यात होता.

हा हट्टी स्वभाव मूळचाच, पण त्याला वळण लावलं नोकरीने. बडोद्याजवळच्या नंदेसरीत एका केमिकल प्लँटमध्ये इन्स्ट्रुमेंट विभागात मी बत्तीस वर्षं काढली. पाइपांवर आणि टाक्यांवर दाब, तापमान, पातळी मोजणारे मीटर असतात, ते बसवायचे, तपासायचे, बिघडले की दुरुस्त करायचे. तिथे प्रत्येक मीटरला स्वतःचा नंबर, पत्र्याच्या पट्टीवर ठोकलेला. एक नंबर दोघांना द्यायचा नाही म्हणजे नाही. पंप उघडायचा तर आधी त्याच्या लाइनला कुलूप घालायचं आणि किल्ली आपल्या खिशात ठेवायची. आणि कंट्रोल रूममधला आकडा एक सांगत असेल आणि जागेवरचा मीटर दुसरा, तर आधी जागेवर जायचं. आम्ही त्याला फील्ड म्हणायचो. फील्ड खरी, कंट्रोल रूम नंतर. नवीन आलेल्या प्रत्येकाला मी पहिल्या दिवशी हे ऐकवायचो, तो कंटाळेपर्यंत.

रिटायर झाल्यावर ही शिस्त मी घरात आणली. माझा फोन, हिचा फोन, लॅपटॉप, टीव्ही, प्रत्येकाला मी वेगळं ईमेल खातं काढलं आणि पासवर्ड एका निळ्या डायरीत लिहिले. यंत्राच्या पाठीवर नंबराची चिठ्ठीसुद्धा डकवली. मुलगी पुण्याहून फोनवर हसायला लागली. "बाबा, एका माणसाचं एक खातं असतं. एका यंत्राचं नसतं." मी म्हटलं, तुमच्या पुण्यात तसं असेल. आमच्या बडोद्यात यंत्रांनाही मान आहे.

मग मागच्या वर्षी दिवाळीनंतर हिला झटका आला. सकाळी कणीक मळता मळता उजवी बाजू गेली. दवाखान्याचे दिवस मी इथे सांगत बसत नाही. बोलणं महिन्याभरात परत आलं, आणि आलं ते धार लावूनच आलं. पाय हळूहळू आला, काठीने का होईना, पण गॅलरीपर्यंत जायला लागली. हात मात्र आला नाही. उजव्या हाताची मूठ वळलेली, ती सोडवायला डाव्या हाताने एकेक बोट उलगडावं लागे, आणि सोडलं की ती पुन्हा मिटे. हिने तीस वर्षं रेल्वेच्या ऑफिसात टायपिंग केलं होतं. साहेब बोलायचे थांबत तेव्हा हिचं पत्र तयार असे, अशी तिची ख्याती. त्या बोटांची ही अवस्था तिला बघवत नव्हती, म्हणून ती हात पदराखाली ठेवायची. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, जे काही परत यायचं त्यातलं बरंचसं पहिल्या वर्षात येतं. पुढे काम अवघड होत जातं. मी कॅलेंडरकडे बघायला लागलो ते तेव्हापासून.

आठवड्यातून तीनदा एक फिजिओथेरपिस्ट मुलगी घरी यायची. गुजराती, बोलायला गोड, पण व्यायामाच्या बाबतीत कडक. हिला व्यायामाचा भारी कंटाळा. चेंडू दाब, दोरी ओढ, वाटीतले राजमे एकेक उचलून दुसऱ्या वाटीत टाक. चौथ्या दिवशी हिने राजम्याची वाटी बाजूला सारली. "ते भिजत घाला, उद्या आमटी होईल." तेव्हा त्या मुलीने युक्ती काढली. फोनवर एखादा गेम टाकून द्या, म्हणाली, बोट सरकवायचं असेल असा. "काका, रमतां रमतां आंगळी चालशे." खेळता खेळता बोटं चालतील. गेम टाकायचं म्हटल्यावर खातं माझंच.

मी चार गेम टाकले, तीन काढले. चौथा राहिला. फळांचा गेम. पडद्यावर आंबे, डाळिंबं, चिकू, पेरू दाटीवाटीने मांडलेले असतात. एक फळ बोटाने सरकवून शेजारच्या घरात न्यायचं, तीन सारखी एका ओळीत आली की ती फुटतात. ठरलेली फळं फुटली की लेव्हल संपते, आणि बक्षीस म्हणून एका उजाड बागेत आपल्या पसंतीचं काहीतरी लावायला मिळतं. झोपाळा, कारंजं, जाईचा मांडव. पोरखेळ. पण हिला तो चढला.

मी लगेच एक रजिस्टर केलं. तारीख, आणि पुढे लेव्हल. रात्री जेवणं झाली की विचारायचं, "आज किती?" ती म्हणायची, "एकशे सात." लिहून टाकायचं. आकडा रोज दोन-तीनने वाढत होता आणि माझा जीव थाऱ्यावर येत होता. खेळताना मात्र ती मला जवळ येऊ द्यायची नाही. "असे डोक्यावर उभे राहू नका, मला सुधरत नाही." मी चहा घेऊन खोलीत गेलो की फोन उशीवर पालथा पडलेला असायचा, तिच्या डाव्या बाजूला. मी कप ठेवून मुकाट्याने बाहेर यायचो. बायको पेशंट असली तरी तिचा शब्द मोडायची हिंमत माझ्यात नव्हती.

फिजिओ आली की मी रजिस्टर पुढे करायचो. दोनशे झाले, अडीचशे झाले. ती कौतुक करायची, मग हिचा हात हातात घ्यायची आणि तिच्या कपाळाला आठी पडायची. पाचव्या महिन्यात तिने विचारलंच. "काका, काकी रोज रमे छे ने? तो आंगळी खुलती केम नथी?" रोज खेळतात तर बोटं उघडत का नाहीत. मी म्हटलं, आकडा बघा की, आज तीनशे नऊ. ती विचार करून म्हणाली, फोनची स्क्रीन लहान आहे, एवढ्याशा हालचालीने भागत नसेल. मोठी स्क्रीन हवी. हात खांद्यापासून हलला पाहिजे. हिने मान खाली घातली होती. मला वाटलं, दमली असेल.

मुलीने पुण्याहून टॅबलेट पाठवला. मी त्याला चार्ज केलं, नंबर दिला, पाठीवर चिठ्ठी डकवली, नवीन खातं काढून डायरीत लिहिलं, गेम उतरवून घेतला. चालवून बघितल्याशिवाय यंत्र कुणाच्या हातात द्यायचं नाही, या नियमाने तीन लेव्हल स्वतः खेळून चौथीत आलो. मग पलंगावर पाट ठेवून, त्यावर टॅबलेट उभा करून, तो मी थाटात तिच्यापुढे मांडला.

तिने बघितलं. "माझी बाग कुठाय?"

"ती फोनमध्ये. हे वेगळं यंत्र आहे. इथे पहिल्यापासून."

"पहिल्यापासून?"

"तुला काय, आठवड्यात जाशील पुढे."

ती माझ्याकडे अशी बघत राहिली की मला टॅबलेट उचलून बाहेर जावंसं वाटलं. "मी चमचा धरायला पहिल्यापासून शिकले," ती म्हणाली. "पायरी चढायला पहिल्यापासून. स्वतःचं नाव घ्यायला पहिल्यापासून. साठीच्या पुढे हे सगळं परत केलं, तोंडातून ब्र काढला नाही. आता हे एक पहिल्यापासून करणार नाही. माझी तीनशे बारा आणा, नाहीतर उचला हे."

टॅबलेटवर खेळली नाही तर हात उघडणार नाही, आणि तीनशे बारा आली नाही तर ती टॅबलेटवर खेळणार नाही. वर्षातले जेमतेम पाच महिने उरले होते. मी कंबर कसली.

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊ वाजता बैठकीच्या खोलीत टेबलावर फोन, टॅबलेट, डायरी आणि चष्मा घेऊन बसलो. मुलीला फोन करायचा नाही, हे आधीच ठरवलं होतं. तिने "मी म्हटलं होतं ना" म्हटलं असतं, आणि ते मला पचलं नसतं. कारण गोम तिथेच होती. फोनचं खातं वेगळं, टॅबलेटचं वेगळं, मग याची प्रगती त्याला कशी कळणार? माझी शिस्त माझ्याच अंगाशी आली होती. पण तोडगा सापडला. गेमच्या सेटिंगमध्ये खातं जोडायची सोय होती. फोनवरचा गेम मी फोनच्या खात्याला जोडला, तशी तीनशे बारावी लेव्हल कंपनीच्या सर्व्हरवर चढली. मग तेच खातं मी टॅबलेटमध्ये घातलं. पासवर्ड दोनदा चुकला, तिसऱ्यांदा लागला. गोल चक्र फिरलं आणि टॅबलेटच्या पडद्यावर प्रश्न आला. दोन नोंदी सापडल्या आहेत. एक या उपकरणावरची, एक सर्व्हरवरची. कोणती ठेवायची? दुसरी कायमची पुसली जाईल.

आकडे लिहिलेले नव्हते. नुसती दोन बटणं.

आता वाचताना कुणीही म्हणेल, यात विचारायचं काय? पण बत्तीस वर्षं माझ्यासमोर हा प्रश्न रोज यायचा. जागेवरचा मीटर की लांबच्या खोलीतला आकडा? डोकं मध्ये पडायच्या आत बोट गेलं. मी "या उपकरणावरची" दाबलं.

आणि दाबल्या क्षणी कळलं की "हे उपकरण" म्हणजे माझ्या हातातला टॅबलेट. माझ्या चाचणीची चौथी लेव्हल.

तेव्हासुद्धा फोनचं वायफाय बंद करून तो तसाच ठेवला असता तर कदाचित काही वाचलं असतं. मी काय केलं? पडताळून बघायला लगेच फोनवर गेम उघडला. गोल चक्र फिरलं. जाईचा मांडव नाही, झोपाळा नाही, कारंजं नाही. उजाड बाग, लेव्हल चार. मी कपाळावर हात मारून घेतला, अगदी खरोखरचा, आवाज होईल असा.

आतून हिचा आवाज आला, "काय झालं हो?"

"फोनला काहीतरी झालंय. दुकानात दाखवावा लागेल."

लग्नाला छत्तीस वर्षं झाली. इतक्या सहज मी तिच्याशी पूर्वी कधी खोटं बोललो नव्हतो.

दुकानात मात्र मी खरंच गेलो. अलकापुरीत फोन दुरुस्त करणाऱ्या एकाचं नाव ऐकून होतो. काउंटरवरच्या माणसाने ऐकून घेतलं, दोन्ही यंत्रं उलटीपालटी केली, पाठीवरच्या चिठ्ठ्या वाचून हसू दाबलं. "अंकल, सर्व्हर पर चढ गया तो गया." मग मी गेमच्या कंपनीला ईमेल लिहिलं. प्लँटमध्ये बिघाडाचा रिपोर्ट लिहायचो तसं. घटना, वेळ, कारण, जबाबदार व्यक्ती. जबाबदार व्यक्ती म्हणून स्वतःचं नाव घातलं आणि खाली लिहिलं की ही लेव्हल एका पेशंटच्या उपचाराचा भाग आहे, कृपया पूर्ववत करावी. दोन दिवसांनी उत्तर आलं. प्रिय खेळाडू, आमच्या गेमवर तुमचं इतकं प्रेम आहे हे वाचून आनंद झाला, सोबत शंभर नाणी भेट. त्या दिवशी मी हात टेकले असते, पण ती नाणी बघून असा संताप आला की उलट जोरच चढला. ठीक आहे. कुणी देत नाही ना? मग मीच खेळून आणतो. चारची तीनशे बारा करतो आणि तिच्या हातात देतो.

फोन कपाटात कुलपात गेला. टॅबलेट कापडी पिशवीत घालून मी सकाळी फिरायला म्हणून निघायचो आणि कमाटीबागेत एका आडबाजूच्या बाकावर जाऊन बसायचो. फिरायला येणारे ओळखीचे हात करायचे, "केम छो, काका, आजे चालवानुं नथी?" मी म्हणायचो, गुडघा दुखतोय. आयुष्यात पहिल्यांदा गेम खेळत होतो आणि सांगतो, सोपं काम नाही. पाच वेळा हरलं की हा गेम अर्धा तास खेळूच देत नाही, शिक्षा म्हणून बसवून ठेवतो. तेविसाव्या लेव्हलवर मी दीड दिवस अडकलो. पेरू बर्फात गोठलेले असतात आणि ते आधी वितळवावे लागतात, हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. एका आजोबांनी मागून डोकावून बघितलं आणि मान हलवत पुढे गेले. बागेत काय लावायचं असं गेम विचारी तेव्हा मी आठवून आठवून तिचंच लावत होतो. जाईचा मांडव उजवीकडे होता की डावीकडे? मला माहीत नव्हतं. पाच महिने रोज आकडा लिहिला, पण बाग एकदाही नीट बघितली नव्हती.

नऊ दिवसांत सेहेचाळीसपर्यंत पोचलो. नऊ दिवस ती पलंगावर नुसती बसून होती. "आला का हो फोन?" "पार्ट यायचाय." टॅबलेटकडे बघत नव्हती, राजम्याला हात लावत नव्हती. हाताची मूठ आणखी घट्ट झालीय असं मला वाटायला लागलं, खरं असो की भास. रजिस्टर टेबलावर होतं. नऊ दिवसांच्या तारखा लिहिलेल्या, पुढे रेघा.

दहाव्या दिवशी बाकावर बसलो असताना मला आमच्या प्लँटमधला एक जण आठवला. रात्रपाळीत मीटर बघायला न जाता केबिनमध्ये बसून रीडिंग लिहायचा, मागच्या तासाचं बघून अंदाजाने. मी त्याला पकडला होता. सगळ्यांसमोर बोललो होतो, त्याची बदली होईपर्यंत गप्प बसलो नव्हतो. आणि आता? तिच्या बोटाने न खेळलेल्या लेव्हल मी तिच्या नावावर लिहायला निघालो होतो. सत्तेचाळीसावी अर्धी सोडली, टॅबलेट पिशवीत घातला आणि घरी आलो.

ती गॅलरीजवळ बसून वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होती, एका हाताने, हनुवटीखाली टोक धरून. मी समोर स्टूल ओढलं आणि सगळं सांगून टाकलं. बटण, चुकलेलं बोट, दुकान, नाणी, बाक, बर्फातले पेरू. कुठेही स्वतःची बाजू घेतली नाही, एवढं मी नक्की सांगू शकतो.

"म्हणजे गेली?" ती म्हणाली. "सगळी तीनशे बारा?"

"सगळी."

तिचे डोळे भरले. हातातला टॉवेल तिने मांडीवर ठेवला. "आणि तुम्ही कमाटीबागेत बसून फळं फोडत होतात?"

"सेहेचाळीसपर्यंत आणलीय."

मला वाटलं होतं, कडाडेल. ती कडाडली नाही. फार हळू आवाजात म्हणाली, "तुम्हाला एक सांगते. रागवा हवं तर. ती तीनशे बारा डाव्या हाताची होती."

मला आधी समजलंच नाही.

"सगळी?"

"पहिले दोन-चार दिवस उजव्याने बघितलं. अर्धा तास एक आंबा हलेना. मग डाव्याने घेतलं. छान जमायला लागलं. रोज जिंकत होते. तुम्ही आकडा लिहून घ्यायचात, फिजिओला दाखवायचात, मुलीला फोनवर सांगायचात. मग कसं सांगणार?" तिने नाक पुसलं, डाव्याच हाताने. "मला एक तरी गोष्ट हवी होती हो, जिच्यात मी पेशंट नाही."

रागवा म्हणाली होती, मी रागावलो. गॅलरीत जाऊन कठड्याला धरून उभा राहिलो. पाच महिने! वर्षातले पाच महिने डाव्या हाताने उडवले. पाण्यात घातले. मनातल्या मनात मी तिला काय काय बोललो ते लिहीत नाही. खाली कुणीतरी स्कूटर काढत होतं, मी त्याच्यावरही चिडलो. आणि मग तो राग फिरून माझ्यावरच आला. फोन रोज तिच्या डाव्या बाजूला पालथा असायचा. फिजिओ हात धरून सांगत होती, बोटं उघडत नाहीत, आणि मी तिच्यापुढे रजिस्टर नाचवत होतो. फील्ड, फील्ड म्हणून दुसऱ्यांच्या डोक्याला ताप देणारा मी, पाच महिने हात बघितला नाही. आकडा बघत बसलो. मला शरम वाटली. वयाच्या सदुसष्टाव्या वर्षी इतकी शरम वाटेल असं वाटलं नव्हतं.

आत आलो. तिने बाकीच्या घड्या घालून ठेवल्या होत्या. मी स्टुलावर बसलो आणि तिचा उजवा हात पदराखालून बाहेर घेतला. गार होता. एकेक बोट उघडून बघितलं, अंगठा, तर्जनी, मधलं. तर्जनी थोडी ऐकत होती. सोडली की मिटायची, पण मिटायच्या आधी क्षणभर थांबायची. मी तीनदा करून बघितलं. तिन्ही वेळा थांबली.

"हे कधीपासून?"

"काय की. बघितलं कुणी?"

त्या रात्री जेवताना तिने मला दुसऱ्यांदा भात घ्या म्हटलं, तेवढंच बोलणं.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा झाल्यावर तीच म्हणाली, "आणा तो तुमचा टॅबलेट." मी आणला. "तुमची सेहेचाळीस काढा आधी. ती काय करायचीय मला?" मी गेम काढून टाकला, पुन्हा उतरवला, आणि या वेळी नवीन खातं काढलं ते टॅबलेटच्या नंबराने नव्हे, तिच्या नावाने. पाठीवरची चिठ्ठी नखाने खरवडली. अर्धी निघाली, अर्धी राहिली. पाट पलंगावर ठेवला, टॅबलेट उभा केला. पहिली लेव्हल. नऊ आंबे फोडा.

तिने उजवा हात टॅबलेटवर आणून ठेवला, म्हणजे डाव्याने उचलून आणून ठेवला. तर्जनी काचेला टेकली. आंबा एका घराने डावीकडे न्यायचा होता. ती बघत राहिली, श्वास रोखून. बोट थरथरलं आणि तिथेच राहिलं. पुन्हा. पुन्हा. चौथ्या वेळी डावा हात आपसूक पुढे आला आणि आंबा सरकवायला निघाला. मी काही बोलायच्या आत तिनेच तो मागे घेतला.

"हा थांबत नाही," ती म्हणाली. मग तो डावा हात तिने माझ्यापुढे केला. "धरा हा. तुमच्या प्लँटमध्ये घालायचात ना, तसं कुलूप घाला याला. सांगेपर्यंत सोडू नका."

आम्ही हात धरून बसणाऱ्यांतले नव्हे. लग्नाच्या वेळी गुरुजींनी धरायला लावला तेवढाच. मी तिचा डावा हात माझ्या दोन्ही हातांत घेतला आणि घट्ट धरला. कुकर लावायचा राहिला होता. खालून भाजीवाली ओरडून गेली. मी पडद्याकडे बघत नव्हतो, तर्जनीकडे बघत होतो. ती थरथरली, थांबली, पुन्हा थरथरली. माझ्या हातांतला तिचा हात सुटायची धडपड करत होता आणि मी सोडत नव्हतो.

बऱ्याच वेळाने ती म्हणाली, "हलला का हो?"

"थोडा."

"खरं सांगा."

"खरंच. अर्धं घर."

"मग लिहू नका अजून," ती म्हणाली. "धरून ठेवा."